ऊसवाल्या बेटाचे ‘पापा’ : रॉबर्ट ब्रॅडशॉ



२००७ चा क्रिकेट विश्वचषक आठवतो का तुम्हाला? आपला संघ पहिल्याच फेरीत घरी परतला होता, त्यामुळे बहुतेकांनी तो मनातून पुसूनच टाकला असेल. पण त्यातली एक गोष्ट मात्र सगळ्यांना आठवते. दक्षिण आफ्रिकेच्या हर्शेल गिब्जने नेदरलँड्सविरुद्ध एका षटकात सहा षटकार मारले होते. तो सामना झाला सेंट किट्स या बेटावर, बॅसेटेर शहरातल्या वॉर्नर पार्क मैदानात. त्याच्या आदल्याच वर्षी, २००६ मध्ये, भारत आणि वेस्ट इंडिजचा कसोटी सामनाही त्याच मैदानावर झाला होता.

या बेटावरच्या विमानतळाचं नाव आहे रॉबर्ट एल. ब्रॅडशॉ आंतरराष्ट्रीय विमानतळ. आता हे ब्रॅडशॉ कोण? क्रिकेटपटू नाहीत, गोरे गव्हर्नर नाहीत. साखर कारखान्याच्या मशीन शॉपमध्ये सोळाव्या वर्षी शिकाऊ म्हणून लागलेला एक मुलगा. तोच पुढे त्या बेटाचा पहिला प्रीमियर झाला, म्हणजे आपल्याकडच्या मुख्यमंत्र्यासारखं पद.

मला हे नाव कसं सापडलं ते आधी सांगते. आमची शाळा उसाच्या पट्ट्यात आहे. परिसर अभ्यासात व्यवसायांचा भाग घेताना मी सहज सांगून गेले की जगात अशी काही छोटी बेटं आहेत जिथे पूर्वी सगळीकडे ऊस होता आणि आता तिथे लोक फिरायला येतात. तेवढ्यात मागच्या ओळीतल्या एका मुलाने विचारलं की मग तिथे ऊस तोडणारी माणसं कुठे गेली. त्याचे आईवडील तेव्हा तोडीवरच होते. मला उत्तर देता आलं नाही. पुस्तकात ते एक वाक्य असतं, आपणही ते एका वाक्यात उरकतो. त्या प्रश्नाच्या मागे लागून वाचत गेले आणि ब्रॅडशॉ भेटले.

आधी बेट समजून घेऊ. कॅरिबियन समुद्रात सेंट किट्स आणि नेव्हिस ही दोन शेजारी बेटं आहेत. नकाशात पाहिलंत तर सेंट किट्स बॅटसारखं दिसतं आणि नेव्हिस त्या बॅटच्या दांड्याखाली पडलेल्या चेंडूसारखं. मुलांना हे फार आवडतं, करून बघा. सेंट किट्सचं क्षेत्रफळ सुमारे १७० चौरस किलोमीटर, म्हणजे आपल्या एखाद्या तालुक्याहूनही लहान. मधोमध लियामुइगा नावाचा ११५६ मीटर उंचीचा ज्वालामुखी डोंगर. डोंगराच्या माथ्यावर दाट जंगल, पायथ्याला समुद्र, आणि मधल्या उतारावर सगळा ऊस. राखेची सुपीक माती आणि डोंगरामुळे पडणारा पाऊस, त्यामुळे ऊस तिथे जोमाने यायचा.

इंग्रज तिथे १६२० च्या दशकात आले. आधी त्यांनी तंबाखू लावला, नंतर ऊस. ऊस तोडायला आफ्रिकेतून माणसं पकडून आणली आणि गुलाम म्हणून राबवली. १८३४ मध्ये कायद्याने गुलामगिरी संपली, तरी आणखी चार वर्षं ‘उमेदवारी’च्या नावाखाली तीच माणसं त्याच मळ्यांवर बांधलेली राहिली. १८६१ मध्ये कलकत्त्याहून तीनशेहून जास्त भारतीय मजूर करारावर तिथे नेले, तेही याच कामासाठी.

इथे एक मुद्दा नीट लक्षात घ्या, कारण ब्रॅडशॉ यांचं सगळं आयुष्य त्याच्याभोवती फिरतं. माणसं मोकळी झाली, पण जमीन मोकळी झाली नाही. डोंगरापासून समुद्रापर्यंतची सगळी चांगली जमीन मळेवाल्यांचीच राहिली. मोठ्या बेटांवर मोकळे झालेले लोक आत डोंगरात जाऊन थोडीफार शेती करू शकले. सेंट किट्सवर तशी जागाच फारशी नव्हती. त्यामुळे गावं वसली ती ओढ्याच्या काठाला, रस्त्याच्या कडेला, उरल्यासुरल्या पट्टीवर. घराच्या दारातून बाहेर पाऊल टाकलं की मळ्याची जमीन. मग पोटासाठी पुन्हा मळ्यावरच जायचं.

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला आणखी एक बदल झाला. तोवर मोठ्या मळ्यांची आपापली गाळपाची यंत्रं होती. १९१२ मध्ये बॅसेटेरजवळ सगळ्यांसाठी एकच मोठा कारखाना सुरू झाला. आपल्याकडे गुऱ्हाळं मागे पडून कारखाने आले, साधारण तसंच समजा. मळ्यांवरचा ऊस कारखान्यापर्यंत आणायला अरुंद रुळांची रेल्वे टाकली आणि १९२६ पर्यंत ती जवळजवळ सगळ्या बेटाला वळसा घालून पूर्ण झाली. ही रेल्वे लक्षात ठेवा, शेवटी ती पुन्हा येणार आहे.

रॉबर्ट लेवेलिन ब्रॅडशॉचा जन्म १६ सप्टेंबर १९१६ चा, बेटाच्या उत्तर टोकाजवळच्या सेंट पॉल्स नावाच्या गावातला. वडील लोहार, आई लोकांच्या घरी कामाला. रॉबर्ट नऊ महिन्यांचा असताना वडील अमेरिकेला निघून गेले. आजीने वाढवलं. गावच्या प्राथमिक शाळेत तो सातवीपर्यंत शिकला. त्या शाळेत त्यापुढे वर्गच नव्हते. शिक्षक म्हणून मला इथे थांबावंसं वाटतं. पुढे जो माणूस दहा बेटांच्या संघराज्याचा अर्थमंत्री झाला, त्याचं शाळेतलं शिक्षण एवढंच होतं. बाकी सगळं त्याने वाचून वाचून स्वतः मिळवलं.

सोळाव्या वर्षी तो साखर कारखान्यात लागला. मळ्यावर कोयता घेऊन ऊस तोडण्यापेक्षा कारखान्यातलं काम बरं मानलं जायचं. हाताला कसब मिळायचं आणि मजुरीही थोडी बरी. शिवाय कारखान्यात एक गोष्ट आपोआप होते. मळ्यावर पन्नास माणसं असतात, कारखान्यात सगळ्या बेटावरचा ऊस येतो आणि त्याच्यासोबत सगळ्या बेटावरच्या गोष्टी येतात. कोणत्या मळ्यावर किती मजुरी कापली, कुणाला हाकललं, ते सगळं तिथे कळतं.

तो अठरा वर्षांचा असताना, जानेवारी १९३५ मध्ये, बेटावर मोठा भडका उडाला. जगभर मंदी होती, साखरेचे भाव कोसळले होते आणि मजुरी आधीच तुटपुंजी होती. हंगामाच्या सुरुवातीलाच तोडणी मजुरांनी वाढ मागितली आणि कोयते खाली ठेवले. एका मळ्यावरून दुसऱ्या मळ्यावर जात जमाव वाढत गेला. बकलीज नावाच्या मळ्यावर पोलिसांनी गोळीबार केला. तीन मजूर मेले, आठ जखमी झाले. त्या वर्षांत आसपासच्या बेटांवर असेच उठाव एकामागून एक झाले, आणि शेवटी लंडनच्या सरकारला चौकशी आयोग पाठवावा लागला.

रॉबर्टवर या घटनेचा किती परिणाम झाला असेल ते मी वेगळं सांगायला नको. १९४० मध्ये कारखान्यात पगारवाढीसाठी संप झाला आणि त्यानंतर त्याने कारखाना सोडला. त्याच वर्षी सुरू झालेल्या सेंट किट्स-नेव्हिस ट्रेड्स अँड लेबर युनियनमध्ये तो कारकून म्हणून लागला. चार वर्षांत, १९४४ मध्ये, युनियनचा अध्यक्ष झाला. वय अवघं अठ्ठावीसच्या आतबाहेर. इथून पुढे आपण त्यांना ब्रॅडशॉ म्हणू आणि ‘ते’ म्हणू. बेटावरचे लोक मात्र पुढे त्यांना ‘पापा’ म्हणत.

१९४६ मध्ये ते कायदेमंडळावर निवडून आले. तेव्हा सगळ्यांना मत नव्हतं. मालमत्ता किंवा ठराविक उत्पन्न असलेल्यांनाच मताचा हक्क होता, म्हणजे ज्यांच्यासाठी ते भांडत होते त्यातल्या बहुतेकांना नाहीच.

मग आला १९४८ चा संप. हा त्यांच्या आयुष्यातला मोठा प्रसंग आहे, म्हणून थोडं सविस्तर सांगते.

उसाच्या भागात राहणाऱ्यांना हे ठाऊकच आहे की ऊस हे थांबणारं पीक नाही. तोडलेला ऊस एक-दोन दिवसांत गाळला नाही तर वजन घटतं, साखर उतरते. उभा ऊस वेळेत तोडला नाही तर तुरा येतो, उतारा कमी होतो. म्हणजे हंगामात मजुरांच्या हातात ताकद असते, पण ती फक्त हंगामातच. सेंट किट्सवर वर्षाचे साधारण सहा महिने तोडणी चालायची. उरलेल्या काळात मळ्यावर काम अगदी कमी, मजुरी अगदी कमी. लोक हंगामात कमावायचे ते बिनहंगामात कर्ज फेडण्यात जायचं. अशा माणसांनी ऐन हंगामात संप करायचा म्हणजे मालकाचं नुकसान होतंच, पण त्याआधी स्वतःच्या घरातली चूल विझते.

तो संप तेरा आठवडे चालला. तेरा आठवडे! तीन महिने मजुरी नाही. आपल्याकडच्या तोडणी कामगारांच्या घरात तीन महिने मजुरी आली नाही तर काय होईल, याचा विचार करून बघा. बेटावर जवळजवळ सगळ्यांची रोजीरोटी एकाच पिकावर होती, त्यामुळे दुकानदारापासून कोळ्यापर्यंत सगळ्यांना त्याची झळ बसली. संपाने मागणी केलेलं सगळं मिळालं असं नाही. पण त्यानंतर या बेटांवरच्या साखर धंद्याची चौकशी करायला लॉर्ड सोलबरी यांचा आयोग आला. आणि मळेवाल्यांना पहिल्यांदा कळलं की हा सातवी शिकलेला माणूस सांगेल तेव्हा सगळ्या बेटावरचे कोयते थांबतात. पुढच्या तीस वर्षांचं राजकारण या तेरा आठवड्यांवर उभं राहिलं, असं मला वाटतं.

१९५२ मध्ये सर्व प्रौढांना मतदानाचा हक्क मिळाला आणि त्या निवडणुकीत ब्रॅडशॉ यांच्या लेबर पक्षाने आठच्या आठ जागा जिंकल्या. १९५६ मध्ये ते व्यापार आणि उत्पादन खात्याचे मंत्री झाले. १९५८ मध्ये इंग्रजांच्या ताब्यातल्या दहा बेटांचं वेस्ट इंडिज फेडरेशन झालं, त्याचे ते अर्थमंत्री. राजधानी त्रिनिदादला. पण जमैकाने सार्वमत घेऊन बाहेर पडायचं ठरवलं आणि १९६२ मध्ये फेडरेशन मोडलं. ब्रॅडशॉ पुन्हा आपल्या छोट्या बेटावर परतले. क्रिकेटचा संघ तेवढा आजही एकत्र खेळतो!

१९६६ मध्ये ते मुख्यमंत्री आणि फेब्रुवारी १९६७ मध्ये सेंट किट्स-नेव्हिस-अँग्विला या राज्याचे पहिले प्रीमियर झाले. परराष्ट्र आणि संरक्षण ब्रिटनकडे, बाकी कारभार इथे.

आता इथे मला थोडं अवघड लिहावं लागणार आहे. आपण थोर माणसांची चरित्रं मुलांना सांगतो तेव्हा डाग पुसून सांगतो. ब्रॅडशॉ यांच्या बाबतीत तसं करता येत नाही. त्यांना थाटाची आवड होती. पिवळ्या रंगाची जुनी रोल्स-रॉइस गाडी, इंग्रजी दरबारी पोशाख, मिशा. त्याचं मला फारसं काही वाटत नाही. ज्या बेटावर काळ्या माणसाने मळेवाल्याच्या बंगल्याच्या मागच्या दाराने जायचं असा रिवाज होता, तिथे लोहाराचा मुलगा रोल्स-रॉइसमधून फिरतो तेव्हा बघणाऱ्याला त्यात स्वतःचाही मान दिसत असेल. पण दुसरी गोष्ट गंभीर आहे. अँग्विला हे लांबचं, कोरडं, गरीब बेट त्यांच्या राज्याला जोडलं होतं. तिथे ऊस नव्हता, मळे नव्हते, आणि त्यामुळे ब्रॅडशॉ यांच्या युनियनचं काही कामही नव्हतं. तिथल्या लोकांना वाटायचं की आपल्याकडे कुणी बघत नाही. मे १९६७ मध्ये त्यांनी सेंट किट्सच्या पोलिसांना बेटावरून हाकलून दिलं आणि सार्वमतात जवळजवळ एकमुखाने वेगळं व्हायचं ठरवलं. जून महिन्यात खुद्द सेंट किट्सवर पोलीस ठाण्यावर हल्ला झाला. ब्रॅडशॉ यांनी आणीबाणी लावली, विरोधकांना तुरुंगात टाकलं. खटले उभे राहिले, पण ते टिकले नाहीत. १९६९ मध्ये ब्रिटनला अँग्विलावर सैनिक उतरवावे लागले, आणि ते बेट ब्रॅडशॉ यांच्या हाताखाली पुन्हा कधी आलं नाही. त्याच वर्षी व्ही. एस. नायपॉल यांनी त्यांच्यावर एक लेख लिहिला, तोही फारसा कौतुकाचा नव्हता.

मालकाशी भांडताना जो ताठरपणा गुण ठरला, तोच सत्तेत आल्यावर दोष ठरला. ज्याला आयुष्यभर समोर फक्त मालक आणि मजूर दिसले, त्याला तिसरी बाजू दिसलीच नाही असं मला वाटतं. तुमचं मत वेगळं असू शकतं.

पुन्हा उसाकडे येऊ. १९६० च्या दशकाच्या अखेरीस बेटावरचा साखर धंदा खिळखिळा झाला होता. मळेवाले नव्याने पैसा घालायला तयार नव्हते. शेजारच्या अँटिग्वा बेटाने १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला साखर सोडली आणि हॉटेलांचा रस्ता धरला. सेंट किट्सपुढेही तोच प्रश्न होता. ब्रॅडशॉ यांनी उलटा निर्णय घेतला. १९७५ मध्ये कायदा करून बेटावरची उसाची सगळी जमीन सरकारने ताब्यात घेतली. पुढच्या वर्षी कारखानाही. म्हणजे ज्या कारखान्यात ते सोळाव्या वर्षी शिकाऊ होते, तो साठाव्या वर्षी त्यांनी आपल्या लोकांच्या नावावर केला. गुलामगिरी संपल्यानंतर जवळजवळ एकशे चाळीस वर्षांनी जमीन मळेवाल्यांच्या हातून गेली. मोबदल्यावरून भांडण पुढे बरीच वर्षं चाललं, ते सोडून देऊ.

काळ मात्र वाईट निवडला गेला. १९७४ च्या अखेरीस जगात साखरेचा भाव कधी नव्हता इतका चढला होता, आणि त्यानंतर तो झपाट्याने घसरला. सरकारच्या हातात जमीन आली, कारखाना आला आणि तोटाही आला.

आणि इथेच एक गोष्ट फार कमी लोकांना माहीत असते. पर्यटनाची सुरुवातही ब्रॅडशॉ यांच्याच काळातली आहे. बॅटचा दांडा जिथे सुरू होतो, त्या चिंचोळ्या जागेला फ्रिगेट बे म्हणतात. तिथून पुढचा भाग कोरडा, टेकड्यांचा, मिठाच्या तळ्यांचा. उसाच्या कामाचा नाही. पण दोन्ही बाजूंना समुद्रकिनारा. तिथे हॉटेलं आणि गोल्फचं मैदान उभं करायची योजना त्यांच्या सरकारने हाती घेतली. म्हणजे चांगल्या जमिनीवर ऊस, पडीक जमिनीवर पाहुणे, असा त्यांचा हिशेब दिसतो. दोन्ही शेजारी शेजारी चालेल असं त्यांना वाटलं असावं.

ते पुढचं बघायला राहिले नाहीत. १९७७ मध्ये स्वातंत्र्याच्या बोलणीसाठी ते लंडनला जाऊन आले. २३ मे १९७८ रोजी बॅसेटेरमधल्या राहत्या घरी कर्करोगाने त्यांचं निधन झालं. वय एकसष्ट. १९८० मध्ये त्यांचा पक्ष निवडणूक हरला. १९ सप्टेंबर १९८३ रोजी सेंट किट्स आणि नेव्हिस मिळून स्वतंत्र देश झाला.

चरित्र इथे संपायला हवं. पण माझ्या वर्गातल्या मुलाचा प्रश्न अजून शिल्लक आहे.

ऊस तोडणारी माणसं कुठे गेली? बरीचशी कारखाना बंद व्हायच्या कितीतरी आधीच गेली. १९५० आणि ६० च्या दशकात कितीतरी जण इंग्लंडला गेले, लीड्स आणि बर्मिंगहॅमकडे. काही जवळच्या अमेरिकी व्हर्जिन बेटांवर हॉटेलांत आणि बांधकामावर गेले. जे राहिले त्यांनी मुलांना शाळेत घातलं. ब्रॅडशॉ यांनी तरी दुसरं काय मागितलं होतं? शिकलेली ती मुलं कोयता हातात घ्यायला तयार होईनात. मग तोडणीसाठी गयाना आणि सेंट व्हिन्सेंटहून मजूर आणावे लागले. म्हणजे शेवटी शेवटी देशाची जमीन, देशाचा कारखाना, आणि तोडायला बाहेरची माणसं. आपल्याकडे मराठवाड्यातून टोळ्या पश्चिमेकडे जातात, ते डोळ्यांसमोर आणा म्हणजे चित्र कळेल.

साखर टिकली ती युरोपच्या मेहेरबानीवर. युरोप या बेटांची साखर ठरलेल्या चढ्या भावाने घ्यायचा. २००५ मध्ये तो भाव टप्प्याटप्प्याने ३६ टक्क्यांनी कमी करायचं युरोपने ठरवलं. कारखान्यावर आधीच कर्जाचा डोंगर होता. त्याच वर्षी जुलैमध्ये शेवटचं गाळप झालं आणि साडेतीनशे वर्षांहून जास्त चाललेला धंदा बंद झाला. सुमारे दीड हजार माणसांचं काम एका हंगामात गेलं. आणि बंद करायचा निर्णय घेतला कुणी? ब्रॅडशॉ यांच्याच लेबर पक्षाच्या सरकारने, पंतप्रधान डेंझिल डग्लस यांनी. तेही सेंट पॉल्सचेच, ब्रॅडशॉ यांच्या गावचे. त्यांना दोष द्यावा का, मला ठरवता येत नाही. दरवर्षी तोटा भरून कारखाना चालवायचा, की शाळा-दवाखान्यांना पैसा ठेवायचा, असा तो प्रश्न होता.

त्यानंतर काही कामगारांना हॉटेलांत, बांधकामावर, सरकारी कामांत जागा मिळाल्या. फ्रिगेट बेला २००३ पासून मोठं हॉटेल सुरू झालेलं होतंच. पण पन्नाशीचा तोडणी कामगार हॉटेलच्या स्वागतकक्षात उभा राहू शकत नाही. तिथे त्याची मुलगी उभी राहते. घरात पगार येतो, पण तो वेगळ्या माणसाच्या हातात येतो. एका पिढीचं काम गेलं आणि दुसऱ्या पिढीला काम मिळालं, आकडेवारीत मात्र दोन्ही एकाच रकान्यात बसतात. साखर गेल्यावर २००६ मध्ये सरकारने एक निधी काढला. परदेशी श्रीमंतांनी त्यात पैसे भरले की त्यांना त्या देशाचं नागरिकत्व मिळायचं.

कोविडच्या आधीच्या वर्षांत बॅसेटेरच्या बंदरात एका हंगामात दहा लाखांहून जास्त प्रवासी क्रूझ जहाजांतून उतरत. बेटाची लोकसंख्या चाळीस हजारांच्या आसपास, त्याच्या पंचवीसपट पाहुणे. २०२० मध्ये जहाजं थांबली आणि बंदर ओस पडलं. एका पिकावरचं बेट दुसऱ्या एका पिकावर आलं, एवढंच. ऊस निदान बेटावर उगवत होता, पाहुणे तर बाहेरूनच यावे लागतात.

आणि ब्रॅडशॉ यांनी मिळवलेली जमीन? ती सरकारकडेच होती, त्यामुळे कुठे हॉटेल उभं राहील, कुणाला घरासाठी प्लॉट मिळेल, हे मळेवाल्यांच्या वारसांनी नाही तर निवडून दिलेल्या सरकारने ठरवलं. किती तरी जुन्या ऊस कामगारांच्या कुटुंबांची घरं आज त्या जमिनीवर आहेत. पण त्याच जमिनीचे मोठे तुकडे पुढे सरकारी कर्जाच्या बदल्यात बँकेकडेही गेले. ‘पापां’ना त्यातलं काय आवडलं असतं आणि काय नाही, याचा तुम्हीच अंदाज करा.

१९९८ मध्ये त्यांना देशाचा पहिला राष्ट्रीय वीर म्हणून गौरवलं गेलं आणि विमानतळाला त्यांचं नाव दिलं. त्यांचा वाढदिवस, १६ सप्टेंबर, तिथे राष्ट्रीय वीर दिन म्हणून सुट्टीचा असतो. आज त्या बेटावर विमानाने येणारा प्रत्येक पाहुणा आधी एका साखर कारखान्यातल्या कामगाराच्या नावाखालून जातो.

आता ती रेल्वे. २००३ मध्ये उसाच्या त्याच अरुंद रुळांवर पाहुण्यांसाठी दुमजली डब्यांची गाडी सुरू झाली. साधारण तीस मैलांची फेरी, त्यातले अठरा मैल रेल्वेने आणि बारा मैल बसने. वरच्या मजल्यावर बसून समुद्र, जुन्या मळ्यांच्या चिमण्या आणि पवनचक्क्यांचे पडके बुरूज बघायचे. कारखाना बंद व्हायला तेव्हा दोन वर्षं होती. म्हणजे २००३ ते २००५ या हंगामांत एकाच रुळावरून दोन गाड्या धावत होत्या. एकीत ऊस, दुसरीत पाहुणे.

दुसऱ्या दिवशी मी फळ्यावर बॅट आणि चेंडू काढला, कडेने रूळ काढला आणि त्यावर या दोन गाड्या काढल्या. ज्या मुलाने प्रश्न विचारला होता तो पुढे आला आणि त्याने खडूने उसाच्या गाडीच्या मागे चालणारी माणसं काढली. बराच वेळ तो तीच काढत होता.